पाचवी विकेट

आवाज आला आणि मला वाटलं, बॅटची कड लागली. मी दोन्ही हात वर केले, तोंड उघडलं, आणि बघतो तर समोर बडोद्याचा श्रीरंग फणसे ताठ उभा. बॅट खाली पडलेली. मग तो एक पाऊल मागं गेला, आणखी एक गेला, आणि पोतं कलंडावं तसा स्टंपांच्या शेजारी आडवा झाला.

अपील तोंडातच राहिलं. हात मात्र कितीतरी वेळ तसेच वर होते. शेवटी गुलाबभाईनं, आमच्या विकेटकीपरनं, ओरडून सांगितलं, "सुक्या, हात खाली घे! पाणी मागव!"

ही पंचाऐंशी सालच्या आसपासची गोष्ट. त्या काळी आख्ख्या टीममध्ये दोन हेल्मेटं असायची आणि ती सलामीला जाणाऱ्यांच्या डोक्यावर. खालच्या नंबरावर येणाऱ्याच्या नशिबी टोपी. माझा चेंडू आखूड पडला होता, नेहमीपेक्षा जास्त उसळला, आणि श्रीरंगनं मान फिरवली तीच नेमकी चेंडूच्या वाटेत. कानाच्या वर लागला.

मी धावत गेलो. त्याचे डोळे अर्धे उघडे होते, पण ते कुणाकडं बघत नव्हते. कानातून रक्ताची बारीक रेघ. मी आपला वेड्यासारखा "फणसे, ए फणसे" करत बसलो. त्याच्या टीमचा मॅनेजर आला, डॉक्टर आले, चौघांनी त्याला उचललं आणि कुणाच्या तरी फियाटमध्ये मागच्या सीटवर घातलं. गाडीच्या मागून एक धोतर नेसलेले गृहस्थ चपला हातात घेऊन पळत होते. ते त्याचे वडील, हे मला नंतर कळलं.

मी मनात म्हटलं, गेला. मारला मी त्याला.

आता माझं सांगतो. मी जयसिंगपूरचा सुकुमार मगदूम. सहा फूट दोन इंच, कमरेपासून वर बैलाचा खांदा, आणि बोलिंग अशी की तालुक्यात माझ्यासमोर कुणी खुशीनं उभं राहत नव्हतं. आम्ही जैन. आमच्या घरात पाणी गाळून प्यायचं, मुंगीला वाट द्यायची आणि दिवस मावळायच्या आत जेवून ताट धुवायचं. आई रोज बस्तीत, म्हणजे आमच्या मंदिरात जायची आणि तिथल्या बायकांना सांगायची, "नाव ठेवलं सुकुमार, आणि लेक काय करतोय तर लोकांच्या अंगावर चेंडू फेकतोय." पण बोलताना तिचा चेहरा फुललेला असायचा. रणजीच्या टीममध्ये माझं नाव आलं तेव्हा तिनं साऱ्या गल्लीत पेढे वाटले होते.

तो माझा तिसरा सामना. पहिल्या दोन्हीत जेमतेम एकेक विकेट मिळालेली. निवड समितीतले एक गृहस्थ आदल्या दिवशी माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले होते, "मगदूम, यावेळी काहीतरी करून दाखव बाबा. पाच विकेट घे, मग यादीतून तुझं नाव काढायची कुणाची छाती नाही." आणि पुण्यात, बडोद्याविरुद्धच्या त्या डावात मी चार काढल्या होत्या. पाचव्या विकेटीवर माझं सगळं लटकलं होतं. घरी भावाबरोबर पंपांच्या मोटारी रिवाइंड करत बसायचं की देशभर गाडीनं फिरायचं, ते त्या एका विकेटीवर.

तर फियाट गेली. मी मिड ऑफला गवतावर बसलो होतो. आमचा कॅप्टन सप्रे माझ्याजवळ आला आणि उकिडवा बसला. सप्रे पुण्याचा, बँकेत ऑफिसर, डोक्यानं भलता तेज. तो हळू आवाजात म्हणाला, "मगदूम, बेल पडलीय."

"काय?"

"बेल. फणसे मागं आला तेव्हा त्याच्या बुटाची टाच स्टंपाला लागली. मी स्लिपमधून स्वच्छ बघितलंय. हिट विकेट. आउट आहे तो."

मी स्टंपांकडं बघितलं. अंपायर पागे तिथं वाकून बेल्स बसवत होते. दोन बेल्स बसवायला माणसाला किती वेळ लागतो? पण पागे मास्तर एक बसवत होते, काढत होते, फुंकर मारत होते, पुन्हा बसवत होते, आणि मान काही वर करत नव्हते. त्यांना सगळं दिसलेलं होतं.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो. फलंदाज कितीही आउट असला तरी कुणी अपील केल्याशिवाय अंपायर बोट वर करत नाही. आणि अपील करायचं ते पुढच्या चेंडूसाठी बोलर धावायला लागायच्या आत. एकदा बोलर धावला की मागचं सगळं माफ. श्रीरंग नुसता जखमी होऊन गेला असता तर बरा झाल्यावर परत खेळायला येऊ शकत होता. पण अपील झालं असतं तर त्याचा डाव संपला, आणि विकेट माझ्या नावावर.

"अपील कर," सप्रे म्हणाला.

"साहेब, त्याच्या कानातून रक्त येतंय."

"ते डॉक्टर बघतील. आपल्याला पहिल्या डावाची आघाडी पाहिजे. अजून पन्नासएक धावा हव्यात त्यांना, आणि त्या काढणारा तोच एक आहे. उद्या परत आला तर?"

"तुम्हीच करा की मग. तुम्ही कॅप्टन."

सप्रेनं पॅव्हेलियनकडं एक नजर टाकली. तिथं पेपरवाले बसले होते. "मी केलं तर उद्या माझ्या नावानं छापून येईल, सप्रेनं बेशुद्ध पोराला आउट करून घेतलं म्हणून. तू बोलर आहेस, तू विचारलंस तर कुणाला वावगं वाटणार नाही. आणि अरे, तुझीच पाचवी आहे! मी तुझ्या भल्याचं सांगतोय."

भल्याचं! आयला, काय माणूस होता.

तेवढ्यात बडोद्याचा पुढचा फलंदाज आला. पोरगं घाबरलेलं, चेहरा पांढराफटक. क्रीझवरचं रक्त दिसू नये म्हणून तिथं माती टाकली होती, ती तो बुटानं चाचपत होता. सप्रे उठला. "तो गार्ड घेतोय तोवर विचार कर," म्हणाला आणि स्लिपमध्ये जाऊन उभा राहिला.

मी चेंडू घेतला आणि माझ्या मार्ककडं चालायला लागलो. वाटेत पागे मास्तर होते, आता माझ्या टोकाला येऊन उभे राहिलेले. मी त्यांच्या अगदी जवळून गेलो. त्यांनी माझ्याकडं बघितलं नाही. नुसते हाऊज दॅट एवढे दोन शब्द मी तिथं उच्चारले असते तर काम झालं होतं.

लोक मला नंतर म्हणाले, सुकुमार, तू काय मनाचा मोठा माणूस. कसला मोठा आणि कसलं काय! माझ्या डोक्यात एकच होतं. तो गाडीत मेला असणार. आणि मेलेल्या माणसाची विकेट माझ्या नावापुढं लागणार. पाच विकेटी, त्यातली एक प्रेताची. आई बस्तीत कुठल्या तोंडानं जाईल? मला त्या विकेटीची भीती वाटली, दुसरं काही नाही.

मार्कवर पोचलो, वळलो. बघतो तर सप्रे स्लिपमधून बाहेर आलेला. त्यानं ठरवलं होतं. मी करत नाही म्हटल्यावर तोच करणार होता, पेपरवाले गेले खड्ड्यात. त्यानं एक हात वर केला, मला थांबवायला, आणि पागे मास्तरांच्या दिशेनं चालायला लागला. तोंड उघडतच होता.

मी धावलो.

"मगदूम! थांब!" सप्रे ओरडला. मी ऐकलं आणि आणखी जोरात धावलो. आयुष्यात कधी एवढा पळालो नसेन. चेंडू कुठं टाकतोय याचं भान नव्हतं. तो लेगच्या बाजूनं सगळ्यांना चुकवून चौकार गेला, गुलाबभाई हवेत झेपावून तोंडावर पडला.

सप्रे खेळपट्टीच्या मध्यात उभा. "अंपायर, मी अपील करत होतो. मागच्या चेंडूचं."

पागे मास्तरांनी आधी बाइजच्या चौकाराची खूण केली, शांतपणे. मग म्हणाले, "बोलर धावला होता, कॅप्टन. आता वेळ गेली."

सप्रेनं माझ्याकडं बघितलं ती नजर अजून लक्षात आहे. षटक संपल्यावर त्यानं माझ्या हातातून चेंडू काढून घेतला आणि दिवसभर परत दिला नाही.

खेळ संपल्यावर बूटसुद्धा न काढता मी दवाखान्यात गेलो. वऱ्हांड्यात ते धोतरवाले गृहस्थ एका बाकावर बसले होते. बाजूला पुरीभाजीचा पुडा, न सोडलेला. मी समोर जाऊन उभा राहिलो.

"काका, मी मगदूम. मीच टाकला तो चेंडू."

त्यांनी मला वरपासून खालपर्यंत बघितलं. "बस," म्हणाले. "उभा राहिलास की छपराला टेकतोस." बडोद्याच्या मराठी लोकांची बोली जरा वेगळी, सावकाश, अदबीची. "मीसुद्धा बोलर होतो एके काळी. आखूड टाकल्याशिवाय फलंदाज मागं जात नाही, हे मला शिकवू नकोस."

"डॉक्टर काय म्हणाले?"

"अजून आतच आहेत."

बसून राहिलो. बाहेर ऊन पिवळं झालं, मग गेलं. दिवे लागले. काकांनी पुडा उघडला आणि माझ्यापुढं धरला. "दोन घास खा. दुपारपासून पोटात काही नसेल."

"नको काका."

"अरे, खा म्हणतो ना."

"नाही चालत."

त्यांचा हात थांबला. त्यांनी पुडा बाजूला ठेवला आणि माझा पंजा आपल्या दोन्ही हातांत घेतला. त्यांचे डोळे भरून आले. "माझ्या मुलासाठी उपास धरलास? बाळा, कोण कुठला तू!"

मी चपापलो. माणूस रडतोय माझ्यासाठी आणि मी काय उपास धरलाय? "तसं नाही काका," मी म्हटलं. "आमच्यात दिवस मावळल्यावर जेवत नाहीत. जैन आहे मी."

काका माझ्याकडं बघतच राहिले. आणि मग हसायला लागले. आधी खुदुखुदू, मग पोट धरून. नर्स दारातून डोकावली. "अहो, दवाखाना आहे हा," म्हणाली. मलाही हसू आवरेना. दुपारपासून छातीवर जो दगड होता तो हसताना हलला, पण हटला नाही.

तेवढ्यात डॉक्टर बाहेर आले. "शुद्धीवर आलाय," म्हणाले. "कान फाटलाय, टाके घातलेत. हाड शाबूत आहे. मी विचारलं आज वार कोणता, तर म्हणतो, आधी स्कोअर सांगा."

मी भिंतीला टेकलो. आणि मग, राव, मी त्या डॉक्टरच्या पाया पडलो. डॉक्टर दोन पावलं मागं सरले, काकांना विचारलं, "हा भाऊ का पेशंटचा?"

"नाही," काका म्हणाले. "ज्यानं मारलं तो."

दुसऱ्या दिवशी सकाळी ड्रेसिंग रूममध्ये माझ्याशी कुणी बोलत नव्हतं. गुलाबभाईनं एवढंच कानात सांगितलं, "सुक्या, सप्रेसाब खूप बिघडलाय. तोंड बंद ठेव." मी ठेवलं. श्रीरंग जिवंत होता, त्यापुढं मला सप्रेचं काय?

खेळ सुरू झाला. बडोद्याचे शेपटाचे फलंदाज चिवट निघाले, एकेरी दुहेरी करत आघाडीच्या जवळ आले. मग त्यांचा नववा गडी पडला. पंधराएक धावा हव्या होत्या. आमची पोरं टोप्या उडवायला लागली, संपलं म्हणून. आणि पॅव्हेलियनच्या पायऱ्यांवरून एकजण उतरताना दिसला. डोक्याला पट्टी, पट्टीवर कुणाचं तरी उसनं हेल्मेट, ते नीट बसत नसल्यामुळं डगमगत होतं. डॉक्टरांनी नको म्हटलेलं असणार, काकांनीही. तरी आला होता.

सगळ्या मैदानानं टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या. सप्रे माझ्याकडं चालत आला आणि चेंडू माझ्या हातात कोंबला.

"तू वाचवलास ना त्याला? आता तूच काढ," तो म्हणाला. "नाहीतर जयसिंगपूरची गाडी पकड. परत या मैदानावर तुझं तोंड दिसणार नाही, एवढी व्यवस्था मी करतो."

आणि तो करू शकत होता. मला ठाऊक होतं.

मी पहिला चेंडू टाकला तो पुढं, ऑफच्या बाहेर, हळू. श्रीरंगनं सोडला. दुसरा तसाच. त्यानं ढकलून दोन धावा घेतल्या. माझं पुढचं षटक, तेच. एक चौकार, एक दोन. माझा हात आखूड चेंडूच टाकायला तयार नव्हता. मनगट नेमक्या वेळी ढिलं पडायचं. सप्रे स्लिपमधून ओरडत होता, "आखूड! आखूड टाक!" मी ऐकत होतो आणि हात पुढं टाकत होता. आघाडीला तीन धावा उरल्या.

श्रीरंग खेळपट्टीवर बॅट ठोकत ठोकत माझ्यापर्यंत आला. जवळून बघितलं तर त्याच्या डाव्या गालाला सूज होती, डोळा अर्धा मिटलेला.

"हे काय टाकतोयस?" त्यानं विचारलं.

"बोलिंग."

"ही बोलिंग? पाळण्यातल्या पोराला घालतात तशी? कालचा टाक ना."

"तुला वेड लागलंय का?"

"ऐक." त्यानं आवाज खाली आणला. "मी काल रात्रभर जागा होतो. डोळे मिटले की तो चेंडू यायचा. आज तो खेळलो नाही तर पुढच्या सामन्यात तोच येणार, त्याच्या पुढच्यातही तोच. मी घाबरलोय रे. आज बघून टाकू दे मला एकदा. तू टाकलास ना, तर तूच टाक."

"आणि लागला तर?"

"लागला तर बाबा बसलेत तिकडे. फियाट पण उभी आहे." आणि हसला. हसताना गाल दुखला असावा, लगेच चेहरा आक्रसला.

"गप्पा काय मारताय?" सप्रे ओरडला. "लग्न ठरवताय का?"

मी मार्ककडं गेलो. चेंडू पँटवर घासला. म्हटलं, मगदूम, आता हा जर नीट टाकला नाहीस तर तूही आयुष्यभर रात्री जागाच राहशील. धावलो. या वेळी मनगट ढिलं पडू दिलं नाही. सगळी ताकद लावून टाकला. जिथं काल पडला होता तिथंच पडला, तसाच उसळला, त्याच्या डोक्याच्या दिशेनं.

माझे डोळे मिटले गेले. खरंच सांगतो, बोलर असून मी डोळे मिटले.

आवाज आला. या वेळी बॅटचाच होता. टणटणीत.

मी डोळे उघडले. चेंडू स्क्वेअर लेगला जात होता, लोक ओरडत होते, पण मी तिकडं बघितलंच नाही. मी श्रीरंगकडं बघत होतो. तो एका पायावर गर्रकन फिरला होता, हेल्मेट उडून लांब पडलं होतं, पट्टी सुटून खांद्यावर आली होती, आणि तो उभा होता. दोन पायांवर धडधडीत उभा! पागे मास्तरांनी चौकाराची खूण केली. आघाडी गेली, माझी रणजी गेली, आणि मी मैदानाच्या मधोमध उभा राहून लहान पोरासारखा हसत होतो.

श्रीरंगनं बॅट उचलून माझ्याकडं केली. "खल्लास!" तो ओरडला.

सप्रेनं येऊन हात पुढं केला. मी चेंडू त्याच्या हातावर ठेवला. "हसतोस काय?" तो म्हणाला. "तुझं सगळं संपलं, कळतंय का तुला?"

"कळतंय की साहेब," मी म्हटलं. आणि हसू काही थांबेना.

त्यानं बोलल्याप्रमाणं केलं. पुढच्या यादीत माझं नाव नव्हतं, त्याच्या पुढच्याही नव्हतं. मला वाटलं होतं रडू येईल, पण नाही आलं. श्रीरंग त्यानंतर बरीच वर्षं खेळला, आणि आखूड चेंडू तर तो असा मारायचा की बघत राहावं.

सामना संपला त्या रात्री मी कोल्हापूरच्या गाडीत बसलो. खिडकीजवळची जागा मिळाली. पुण्याचे दिवे मागं पडायच्या आत मला झोप लागली, आणि अशी लागली की सातारा, कराड, मिरज कधी गेलं पत्ता नाही. जयसिंगपूरला आई आणि भाऊ स्टेशनावर उभे होते म्हणे, खिडक्या खिडक्यांतून मला हाका मारत. गाडी निघून गेली आणि मी आत घोरत होतो.

कोल्हापूरला हमालानं खांदा हलवला. "ओ पैलवान, उठा की. सगळी उतरली."

मी उठलो. बाहेर स्वच्छ उजाडलं होतं. अंग असं हलकं झालं होतं की बॅग उचलली तर ती रिकामीच वाटली. हमालाला विचारलं, जयसिंगपूरची परतीची गाडी कधी? तो म्हणाला, "आता दुपारी. काय घाई हाय का?"

"नाही," मी म्हटलं, "आता काही घाई नाही," आणि तिथंच बाकावर पाय पसरून पुन्हा झोपलो.